‘संत तुकाराम’ बोलपटांतील एक पद आणि त्याचें कर्तृत्व

प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ हा बोलपट १९३६ सालीं प्रसिद्ध झाला व १९३७ सालीं व्हेनिस येथील चित्रपटमहोत्सवांत त्याचा गौरव झाला. दिग्दर्शन विष्णुपंत दामले व फत्तेलाल यांचें, मुख्य भूमिका विष्णुपंत पागनीस यांची. वह्या इंद्रायणींत बुडविल्याची व त्या कोरड्या निघाल्याची जी कथा महीपतीनें अठराव्या शतकांत विस्तारानें सांगितली, तीच त्यांत आली आहे.

या बोलपटांतील सालोमालो तुकोबांचे अभंग आपले म्हणून मिरवितो. गाथेंतही त्याच्या नांवाचा उल्लेख येतो. प्रत्यक्षांत मात्र नेमकें उलट घडलें. ‘आधीं बीज एकलें’ हें पद शांताराम आठवले यांनीं या बोलपटाकरितां रचिलें. केशवराव भोळे यांनीं त्यास चाल दिली. भाषा इतकी साधली कीं, अनेकांनीं तें तुकोबांचेंच मानिलें. वस्तुतः त्यांत ‘तुका म्हणे’ ही नाममुद्रा नाहीं. १८६९-७३ मध्यें इंदुप्रकाश छापखान्यांत छापलेल्या गाथेंतही तें असणें शक्य नाहीं.

यावरून संग्राहकांनीं दोन गोष्टी ध्यानीं घ्याव्या. एक, लोकमान्यता हा कर्तृत्वाचा पुरावा नव्हे. दुसरी, एखाद्या जुन्या म्हणून दाखविलेल्या भजनी वहींत हें पद मूळ हातानेंच उतरलेलें असेल, तर कागद कितीही जीर्ण दिसो, तें लेखन १९३६ च्या पूर्वींचें धरतां येणार नाहीं.