चेहरा म्बिसीनचा, आवाज दुसरीचा

सेनेगलचे दिग्दर्शक उस्मान सेम्बेन यांचा ‘ला न्वार द...’ हा चित्रपट १९६६ साली आला. सहाराच्या दक्षिणेकडील आफ्रिकेतील चित्रपटांचा इतिहास सांगताना त्यापासूनच सुरुवात करण्याची प्रथा आहे. सेम्बेन यांच्यावर ग्रंथ लिहिले गेले. पण हा तासाभराचा चित्रपट जिच्या चेहऱ्यावर उभा आहे, त्या म्बिसीन तेरेझ दियोप यांच्या वाट्याला बहुधा एखादीच ओळ येते.

दियोप व्यावसायिक अभिनेत्री नव्हत्या. त्या शिवणकाम करीत. तसा तेथे चित्रपट व्यवसायही नव्हताच. १९३४ च्या लावाल फर्मानानुसार फ्रेंच पश्चिम आफ्रिकेत चित्रीकरणासाठी वसाहती प्रशासनाची परवानगी लागे. सेनेगल स्वतंत्र झाला १९६० साली. एकेकाळी मार्सेच्या गोदीत हमाली केलेल्या सेम्बेन यांनी त्यानंतरच कॅमेरा हाती घेतला.

दियोप यांनी साकारलेली दियुआना डाकारची. मुले सांभाळण्याचे काम म्हणून एक फ्रेंच कुटुंब तिला आंतीब शहरात नेते. तेथे मुले दिसत नाहीत. दिसतो तो स्वयंपाक, धुणी आणि चार भिंती. ठिपक्यांचा सुंदर पोशाख आणि उंच टाचांचे बूट घालून ती फरशी पुसते, हे मालकिणीला खुपते. या प्रसंगांत दियोप जवळजवळ काहीच ‘करत’ नाहीत. ताठ पाठ, मंद चाल आणि मालकिणीवरून सरकून जाणारी नजर, एवढ्यावर सारे निभावते. कथेचा शेवट आत्महत्येत होतो. कथेमागे एका फ्रेंच वृत्तपत्रातील खरी बातमी होती.

पत्राचा प्रसंग तर विसरता येत नाही. दियुआनाला लिहिता-वाचता येत नाही. आईचे पत्र आले की मालक ते वाचून दाखवतो आणि तिच्या वतीने उत्तरही लिहू लागतो. आपले नसलेले शब्द आपल्या नावावर जाताना पाहून ती आईचे पत्र फाडून टाकते.

पण येथेच एक विचित्र गोष्ट आहे. चित्रपटाचे संवाद नंतर ध्वनिमुद्रित झाले. दियुआनाचे अस्खलित फ्रेंच स्वगत आपल्याला ऐकू येते, तो आवाज दियोप यांचा नाही; तो हैतीच्या गायिका तोतो बिसेंत यांचा आहे. दुसऱ्याचे शब्द नाकारणारी नायिका पडद्यावर दुसरीच्या आवाजात, वसाहतवाद्यांच्या भाषेत बोलते. सेम्बेन यांना ही विसंगती जाणवली नसेल असे मानणे कठीण. त्यांच्या पुढच्याच ‘मंडाबी’ (१९६८) चित्रपटातील पात्रे वोलोफ बोलतात.

चित्रपटाला १९६६ चा झाँ व्हिगो पुरस्कार आणि कार्थेज महोत्सवाचा सुवर्ण तानित मिळाला. दियोप पुढे सेम्बेन यांच्याच ‘एमिताई’मध्ये (१९७१) दिसल्या, त्यांची चित्रपटांची यादी मात्र फार लांबली नाही.

चित्रपट पाहाल तेव्हा पत्राचा प्रसंग एकदा आवाज पूर्ण बंद करून पाहा.