वैदीगवताला नाव देणाऱ्या लिस्बोआबाई

पाऊस पडला की आपल्या गटाच्या बैठकीत हप्त्याच्या आधी भाजीचाच विषय निघतो. टाकळा आला का, शेवळं मिळाली का, करटोलीला भाव काय. आज मी भाजीबद्दल थोडं आणि भाजी ओळखणाऱ्यांबद्दल जास्त बोलणार आहे.

टाकळा आपण कशावरून ओळखतो? पानात पानं, तीन-तीन जोड्या, चुरगळली की उग्र वास. शेवळं फुलायच्या आत काढायची आणि काकडं घालून शिजवायची, नाहीतर घसा खाजतो. कडू करांदा चिरून, राखेच्या पाण्यात उकडून, वाहत्या पाण्यात ठेवल्याशिवाय तोंडात घालायचा नाही. कळलावीच्या पानाचं टोक ताण्यासारखं वळलेलं असतं, आणि तिचा कंद जीव घेतो. हे सगळं आपल्याला कुणी पुस्तकातून शिकवलं नाही. आजीमागून रानात जाऊन शिकलो.

पण पुस्तकं होती बरं का. इंग्रजांच्या काळात मुंबई इलाख्यातल्या वनस्पतींची मोजदाद सुरू झाली. डॅल्झेल आणि गिब्सन या साहेबांचं पुस्तक १८६१ सालचं. पुढे १८८६ साली सरकारी गॅझेटियरचा वनस्पतींचा खंड निघाला. त्यात इलाख्यातल्या उपयोगी वनस्पतींची माहिती डॉक्टर लिस्बोआ यांनी लिहिली. हे गोव्याकडचे, मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजातून अगदी सुरुवातीला डॉक्टर झालेले. त्यांच्या त्या लिखाणात दुष्काळात माणसं काय खाऊन जगतात, अशा वनस्पतींचाही भाग आहे. १८७६ ते १८७८ चा मोठा दुष्काळ तेव्हा ताजाच होता. त्या दिवसांत पाला आणि कंद हुडकायला घरातून कोण बाहेर पडलं असेल, हे तुम्हाला मी सांगायला नको. पाल्याची नावं छापली गेली. हुडकणारीचं नाव कुणी विचारलं नाही.

आता खरी गोष्ट. या डॉक्टरांच्या पत्नीही वनस्पतींच्या अभ्यासक होत्या. मुंबईत १८८३ साली बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी स्थापन झाली, ती आजही आहे. तिच्या नियतकालिकात १८८९ साली लिस्बोआबाईंचा सुवासिक गवतांवर लेख आला. रोशा गवत, गवती चहा यांच्या जातकुळीची ही गवतं. रोशाचं तेल काढायच्या भट्ट्या आपल्या खानदेशात होत्या, म्हणजे हा नुसता हौसेचा विषय नव्हता, त्यात पैसा होता. त्याच लेखात बाईंनी एका गवताचं वर्णन नवी जात म्हणून केलं आणि त्याला सुवासिक या अर्थाचं ‘ओडोरॅटस’ हे नाव दिलं. आपल्याकडे त्याला वैदीगवत म्हणतात.

गवत ओळखणं भाजीपेक्षा अवघड. रंगीत फूल नाही, जाड पान नाही, लांबून सगळं सारखंच. पेरावर केस आहेत का बघायचं, पातं जिथे काडीला धरतं तिथला बारीक पडदा बघायचा, तुऱ्यातला एकेक दाणा सोडवून कुसळ कसं आहे ते बघायचं. गुरांना चारा घालणारी बाई यातलं निम्मं हातानंच ओळखते, पण ते नीट मांडून, आधीच्या सगळ्या गवतांहून हे वेगळं आहे असं दाखवून द्यायला अभ्यास आणि धीर दोन्ही लागतात.

लेखावर नाव मात्र छापलं ‘मिसेस जे. सी. लिस्बोआ’. यातली अक्षरंही नवऱ्याचीच! पुढे शास्त्रज्ञांनी या गवताचं घराणं बदललं. आज ते ‘बोथ्रिओक्लोआ ओडोराटा’ म्हणून ओळखलं जातं. पण शास्त्राचा एक नियम चांगला आहे. घराणं बदललं तरी पहिल्यांदा नाव देणाऱ्याची आठवण कंसात ठेवायची. म्हणून आजही त्या नावापुढे कंसात ‘लिस्बोआ’ लिहितात. वाचणाऱ्याला वाटतं, असतील कोणी साहेब.

शिकलेल्या, शहरातल्या बाईचं हे, तर रानातल्या बाईचं काय होणार? तिचं ज्ञान तिच्याबरोबरच जातं. बांधावर तणनाशक मारलं की कुर्डू, तांदुळजा, घोळ एकदम जातात, आणि दोन-चार वर्षं दिसलं नाही की पोरींना ओळखताही येत नाही.

२००२ च्या जैवविविधता कायद्यानुसार प्रत्येक ग्रामपंचायतीत समिती असायला हवी आणि गावाची लोकजैवविविधता नोंदवही असायला हवी. आपल्या पंचायतीत जाऊन ती नोंदवही मागा. पुष्कळ ठिकाणी ती कपाटात असते, आणि रानभाज्यांच्या पानावर चारच नावं असतात. गटातल्या दोघी-तिघींनी गावातल्या जाणत्या आजीबरोबर एक दिवस रानात फिरा. भाजीचं आपल्या गावातलं नाव, कोणत्या महिन्यात येते, कुठे येते, कोणता भाग खायचा, कशाशी गल्लत होते, हे लिहून आणा. आणि माहिती कुणी दिली तिथे आजीचं स्वतःचं नाव घाला. ‘अमक्याची आई’ नको.