१९११चा हंगाम आणि 'आपली टीम'

वेळापुरात मे महिना लागला की टेनिस बॉलच्या स्पर्धा सुरू होतात. आषाढात माउलींची पालखी मुक्कामाला येईपर्यंत मोकळी मैदानं पोरांच्याच ताब्यात असतात. परवा अशाच एका सामन्यात पुकारणाऱ्याने एका संघाला नावाने न बोलावता 'मोहल्ल्याची टीम' म्हणून बोलावलं. त्या संघाचा विकेटकीपर मराठ्याचा आणि मुख्य गोलंदाज मातंग वस्तीतला. दोघेही हसले, खेळायला गेले. एक लहान पोरगा मात्र माझ्याजवळ येऊन म्हणाला, "चाचा, मग आपली टीम कोणती?"

साधाच प्रश्न. पण आपल्या देशातल्या खेळाचा इतिहास या एका प्रश्नाभोवती निम्मं शतक फिरला आहे. त्यातला १९११चा हंगाम मला फार महत्त्वाचा वाटतो.

पार्श्वभूमी थोडी सांगतो. मुंबईत आधी पारशी आणि युरोपियन यांचे सामने होत. १९०७मध्ये हिंदू आले आणि स्पर्धा तिरंगी झाली. मरीन लाइन्सला समुद्राकाठी आजही इस्लाम जिमखाना, हिंदू जिमखाना आणि पारशी जिमखाना एकाच रांगेत उभे आहेत. मैदानाच्या वाटण्या अशा जातधर्मावर झाल्या होत्या. राजकारणही त्याच वाटेने चाललं होतं. १९०५ला बंगालची फाळणी झाली, १९०६ला ढाक्यात मुस्लिम लीग स्थापन झाली आणि १९०९च्या मोर्ले-मिंटो सुधारणांनी मुसलमानांना स्वतंत्र मतदारसंघ दिले. कोणाचे किती, हा त्या काळाचा सवाल होता. हिंदुस्थानचा म्हणून एक संघ इंग्लंडला पाठवायचे आधीचे प्रयत्न याच सवालावर अडखळले होते.

आणि तरीही मे १९११मध्ये मुंबईहून असा संघ बोटीत बसला. कप्तान पतियाळाचे महाराज भूपिंदर सिंग, वय १९. बरोबर पारशी खेळाडू होते, हिंदू होते, आणि अलीगढच्या मोहमेडन अँग्लो-ओरिएंटल कॉलेजच्या मैदानावर तयार झालेले सलामुद्दीन, शफकत हुसेन, सय्यद हसन असे मुसलमान होते. सर सय्यद अहमद खान यांचं हे कॉलेज. प्राचार्य थिओडोर बेक यांच्या काळापासून तिथे क्रिकेटला वर्गातल्या अभ्यासाइतकंच वजन होतं. शेजारच्या प्रांतांत दौरे काढून या कॉलेजच्या संघाने नाव कमावलं होतं. आपल्याकडे अलीगढ म्हटलं की फक्त राजकारण आठवतं. त्या काळच्या कित्येकांना आधी आठवायची ती अलीगढची क्रिकेट टीम.

याच बोटीत पळवणकर बाळू होते. धारवाडला जन्मलेले, चांभार समाजातले. पुण्यात आधी पारशांच्या आणि मग युरोपियनांच्या क्लबात खेळपट्टी तयार करण्याच्या कामावर राहिले. साहेबांना सरावासाठी चेंडू टाकता टाकता ते देशातले सर्वांत चांगले डावखुरे फिरकी गोलंदाज झाले. पुण्याच्या हिंदू क्लबाने त्यांना घेतलं ते साहेबांना हरवण्यासाठी. मैदानात त्यांच्या हातचा चेंडू सगळे झेलत, पण चहाच्या वेळी त्यांचा चहा बाहेर, मातीच्या वेगळ्या भांड्यात येई. त्यांचे भाऊ शिवरामही या दौऱ्यावर होते.

हंगाम तसा वाईटच गेला. जॉर्ज पंचम यांच्या राज्यारोहणाच्या समारंभांत महाराज गुंतले आणि संघ बहुतेक वेळ कप्तानाविना राहिला. एकूण २३ सामन्यांपैकी १५ हरले, ६ जिंकले. पण जुलैमध्ये त्यांनी लेस्टरशायरला हरवलं आणि लगेच सॉमरसेटलाही. सॉमरसेटविरुद्ध शिवराम यांनी शतक ठोकलं आणि एक गडी राखून सामना काढला. बाळूंनी दौऱ्यात सगळे मिळून ११४ बळी घेतले. दुसऱ्या टोकाकडून चेंडू टाकायला, झेल घ्यायला अलीगढची माणसं होती. पुण्याच्या क्लबात ज्याचा चहा वेगळा, तो हजारो मैल दूर सगळ्या देशाच्या वतीने गोलंदाजी करत होता.

त्याच जुलैच्या २९ तारखेला कलकत्त्यात आणखी एक गोष्ट घडली. मोहन बागानने आयएफए शिल्डच्या अंतिम सामन्यात ईस्ट यॉर्कशायर रेजिमेंटला २-१ असं हरवलं. अकरापैकी दहा जण अनवाणी. बूट घातलेले एकटे सुधीर चॅटर्जी. संघ सगळा बंगाली हिंदूंचा म्हणावा असा. पण कलकत्त्याच्या 'द मुसलमान' या पत्राने लिहिलं की हिंदू बांधवांच्या या विजयाने मुस्लिम क्लबाची माणसं आनंदाने वेडी होऊन जमिनीवर लोळली. बंगालची फाळणी अजून रद्द झालेली नव्हती, दोन्हीकडची मनं तापलेली होती. तरीही त्या दिवशी 'आपली टीम' कोणती, हे त्यांना कोणी सांगावं लागलं नाही.

पण ही गोष्ट इथे गोड करून संपवता येत नाही. पुढच्याच वर्षी, १९१२मध्ये, मुंबईच्या स्पर्धेत मुसलमानांचा संघ आला आणि ती चौरंगी झाली. इंग्लंडमध्ये एकत्र खेळलेले आता आपापल्या धर्माच्या तंबूत बसले. १९३७मध्ये उरलेल्यांचा 'द रेस्ट' हा संघ आला आणि स्पर्धा पंचरंगी झाली. १९४०मध्ये गांधीजींनी धर्मावर आधारलेल्या या सामन्यांना उघड विरोध केला. १९४६नंतर ती बंद पडली.

या स्पर्धेला सरसकट वाईट म्हणणंही मला पटत नाही. गरीब मुसलमान घरातल्या कित्येक पोरांना मोठं मैदान तिच्यामुळेच दिसलं. १९४४च्या अंतिम सामन्यात मुसलमानांनी हिंदूंना एका गड्याने हरवलं, के. सी. इब्राहिम यांच्या शतकामुळे. खेळ उत्तम होता. दोष मैदान वाटण्याच्या पद्धतीत होता. आणि धर्माचा संघ म्हणजे आतले सगळे समान, असंही नव्हतं. हिंदू संघात इतकी वर्षं सर्वोत्तम गोलंदाज असूनही बाळूंना कप्तानपद कधीच मिळालं नाही. ते मिळायला त्यांचे भाऊ विठ्ठल यांना १९२३पर्यंत थांबावं लागलं. म्हणजे 'आपली टीम' म्हणणाऱ्यांनीही बाळूंना पूर्ण आपलं म्हटलं नव्हतं.

आज भारत-पाकिस्तान सामना असला की चहाच्या टपरीवर कोणी ना कोणी आपल्याकडे तिरक्या नजरेने बघतो. गमतीत विचारतो, 'काय भाई, तुमची टीम कोणती?' मीही हे ऐकलं आहे. या प्रश्नाला चिडून उत्तर देण्यात अर्थ नाही आणि शपथा घेऊन निष्ठा सिद्ध करण्यातही नाही. १९११च्या संघात अलीगढची माणसं कोणाला काही सिद्ध करायला गेली नव्हती. ती खेळायला गेली होती, आणि बाळूंच्या गोलंदाजीवर झेल घेताना तो चेंडू कोणत्या जातीच्या हातातून आला हे त्यांनी पाहिलं नाही.

त्या लहान पोराला मी इतकंच म्हटलं, "बेटा, ज्या टीममध्ये तू खेळशील आणि जिच्यात सगळ्यांचा चहा एकाच किटलीतून येईल, ती आपली." त्याला कितपत कळलं माहीत नाही. तो धावत सीमारेषेकडे गेला. चेंडू त्याच्याकडेच येत होता.