‘मर्क्युरियल’ : एका विशेषणाचा अर्थप्रवास

क्षणोक्षणी पालटणाऱ्या स्वभावासाठी इंग्रजीत ‘मर्क्युरियल’ हे विशेषण योजले जाते. मराठीत त्यासाठी बहुधा ‘चंचल’ असा प्रतिशब्द देतात. परंतु मूळ शब्दाचा इतिहास त्यात मावत नाही.

मर्क्युरी हा रोमनांचा व्यापाराचा देव व देवांचा निरोप्या. त्याचे रोममधील मंदिर परंपरेनुसार इ. स. पूर्व 495 मधील. सूर्याभोवती 88 दिवसांत फिरणाऱ्या सर्वांत वेगवान ग्रहास त्याचे नाव मिळाले. पुढे किमयागारांनी सात धातूंची सात ग्रहांशी सांगड घातली, तेव्हा चिमटीत न सापडणारा पारा या ग्रहाच्या वाट्यास आला. इतर धातूंची ग्रहनामे व्यवहारातून लोपली. हे एकच टिकले. जन्मग्रहावरून स्वभाव ठरतो, या समजुतीमुळे हे विशेषण चतुर, वाक्‌पटू, चपळ माणसासही लागत असे. अस्थिरतेचा अर्थ पुढे बळावला. त्यात धातूच्या वर्तनाचा वाटा असावा.

भारतीय ज्योतिषात हाच ग्रह बुध. पापग्रहाच्या संगतीत तोही पापी ठरतो, असे वराहमिहिराचा ‘बृहज्जातक’ हा ग्रंथ मानतो. म्हणजे पालटण्याची कल्पना येथेही आहेच. मराठीत मात्र पारा स्वभावाशी जोडला गेला तो रागाच्या रूपाने. ‘पारा चढणे’ हा वाक्प्रचार उघडच तापमापकावरून आलेला आहे, आणि फॅरेनहाइटचा पाऱ्याचा तापमापक 1714 मधील. ‘चंचल’ हा शब्द ‘चल्’ या धातूच्या द्विरुक्तीतून सिद्ध होतो. त्यात हालचाल आहे, वाक्‌चातुर्य नाही. त्यामुळे जुन्या इंग्रजी लेखनात जेथे प्रशंसा अभिप्रेत असते, तेथे हा प्रतिशब्द तिला दोषाचे रूप देतो.