शार्लटवरचा खटला
इंगमार बर्गमन यांचा ‘ऑटम सोनाटा’ (१९७८) प्रथम पाहताना आम्ही मुलींच्याच बाजूचे होतो. सात वर्षांनी भेटीस आलेली पियानोवादक आई शार्लट. बुडून गेलेल्या मुलाचे दुःख उरी बाळगणारी एव्हा. आईने संस्थेत ठेवलेली आजारी हेलेना. आरोपपत्र तयारच होते.

पण शार्लट साकारणाऱ्या इन्ग्रिड बर्गमन १९४९ मध्ये रोस्सेलिनींसाठी इटलीत राहिल्या, तेव्हा त्यांची मुलगी अमेरिकेत होती. १९५० मध्ये तिथल्या सिनेटमध्ये त्यांची निर्भर्त्सना झाली. कलावंत पित्यांवर असे खटले क्वचितच चालतात.

शोपँचे प्रेल्यूड वाजवताना शार्लट बजावते: भावना हवी, भावविवशता नको. हाच संयम एव्हाला आयुष्यभर निष्ठुरपणा वाटला. दोघींचे ऐकल्यावर निकाल देणे आम्हांला जमत नाही.