बेचिराख : ज्या शब्दात राख नव्हती

१/ ‘बेचिराख’ हे विशेषण आज वाचले की डोळ्यांसमोर आग उभी राहते. बाँबहल्ल्यात शहर बेचिराख होते, वणव्यात जंगल बेचिराख होते. जुन्या कागदांतून भेटणारा हा शब्द मात्र आगीविषयी काहीच सांगत नाही. त्याचा मूळ अर्थ ‘दिवा नसलेला’ एवढाच आहे. हा धागा त्या विझलेल्या अर्थाचा.

२/ सुरुवात नाशिकजवळच्या एकलहरे गावापासून करता येईल. गोदावरीकाठच्या या गावाचे नाव महाराष्ट्रात सर्वदूर पोहोचले ते औष्णिक वीजकेंद्रामुळे. १९७० च्या दशकाच्या आरंभी येथे वीजनिर्मिती सुरू झाली. १४० मेगावॅटचे दोन संच आधी आले, २१० मेगावॅटचे तीन नंतर. कोळसा रेल्वेने येई, पाणी गोदावरी पुरवी आणि दिवे दूरदूरच्या घरांत लागत.

३/ गाव आणि दिवा यांची ही सांगड विजेच्या आधीची आहे. महसुली कागदांत गावाच्या नावामागे ‘मौजे’ लागते, तसे ते ‘मौजे एकलहरे’. जोडगावे असली की थोरले ‘बुद्रुक’ आणि धाकटे ‘खुर्द’. ही दोन्ही फारसी विशेषणे आजही पाट्यांवर सुखाने नांदत आहेत. त्याच कुळातले तिसरे विशेषण मात्र कोणत्याही पाटीवर सापडत नाही. कारण ते ज्या गावाला लागे, त्या गावात पाटी वाचायला कोणी उरलेले नसे. ते विशेषण म्हणजे ‘बेचिराग’.

४/ शब्दाची फोड सोपी आहे. ‘बे’ म्हणजे वाचून, शिवाय. बेवारस, बेइमान, बेदखल या शब्दांत तोच उपसर्ग आहे. ‘चिराग’ म्हणजे दिवा. बेचिराग म्हणजे ज्यात दिवा लागत नाही ते. फारसीत हे विशेषण उजाड घराला आणि उजाड मुलुखाला लावत. तेथून ते राज्यकारभाराच्या भाषेत आले आणि उत्तरेपासून दख्खनपर्यंतच्या दप्तरांत स्थिरावले. मराठीत त्याची ‘बेचिराग’ आणि ‘बेचिराख’ अशी दोन्ही रूपे चालत.

५/ ओसाडीची खूण म्हणून दिवाच का निवडला असावा? दूरवरून येणाऱ्या वाटसरूला, चौकीदाराला किंवा फौजेला रात्री गाव ओळखू येई ते मिणमिणत्या उजेडावरून. शेत ओसाड आहे की नाही हे ठरवायला हंगाम पाहावा लागतो. घर नांदते आहे की नाही, हे एका संध्याकाळीच कळते. दिवेलागणीच्या वेळी उजेड दिसला की माणूस आहे. नाही दिसला, तर नाही.

६/ मराठी मनाला हे मोजमाप परके वाटले नाही, कारण मराठीत दिवा म्हणजे घराचे अस्तित्वच. मुलगा हा ‘वंशाचा दिवा’. दिवा ‘विझवला’ असे बोलणे अशुभ मानून लोक तो ‘मालवीत’, ‘शांत करीत’ किंवा ‘मोठा करीत’. देवळातला नंदादीप तेवत राहावा म्हणून इनामे दिली जात, तशीच दर्ग्याच्या चिरागबत्तीसाठीही. परकी संज्ञा इतक्या सहज रुजली, कारण तिच्यामागची कल्पना येथे आधीच घर करून होती.

७/ मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशात हे विशेषण नोंदलेले आहे. होरेस विल्सन या इंग्रज पंडिताने १८५५ साली हिंदुस्थानातील महसुली व न्यायविषयक संज्ञांचा मोठा कोश प्रसिद्ध केला. त्यातही ‘बेचिराग’ आहे, उजाड गावाची संज्ञा म्हणून. इंग्रजांना आपल्या भाषेत या शब्दाला नेमका जोड मिळाला नाही. म्हणून त्यांच्या अहवालांत आणि पुढे जनगणनेच्या पुस्तकांतही तो जसाच्या तसा उतरला.

८/ अर्थ नीट कळण्यासाठी जुन्या गावाची रचना लक्षात घ्यावी लागते. गावाचे दोन भाग असत. शेतीची जमीन ती ‘काळी’, वस्तीची जागा ती ‘पांढरी’. बेचिराग होई ती पांढरी. घरे रिकामी पडत, भिंती पावसात खचत. काळी मात्र जागेवरच असे, आणि कधी कधी शेजारच्या गावचे लोक ती कसतही असत. म्हणजे बेचिराग गाव पिकाविना असेलच असे नाही. ते माणसांविना मात्र खास असे.

९/ गावासाठी जसा बेचिराग, तसा एकेका घराण्याच्या जमिनीसाठी ‘गतकुळ’ हा शब्द होता. ज्या मिरासदाराचे कुळ नष्ट झाले किंवा गाव सोडून गेले, त्याची जमीन गतकुळी. थळझाड्यात, म्हणजे गावच्या जमिनींच्या नोंदींत, अशा जमिनीवर जुन्या घराण्याचे नाव पुढेही टिकून राही. माणूस गेला तरी नाव जात नसे. ही बाब पुढे महत्त्वाची ठरते.

१०/ गावे बेचिराग का होत? पहिले कारण दुष्काळ. १६३० ते १६३२ या काळात गुजरात आणि दख्खन भीषण दुष्काळात होरपळले. शाहजहानच्या दरबारचा इतिहासकार अब्दुल हमीद लाहोरी याने त्याचे वर्णन करून ठेवले आहे. देहूच्या तुकोबांचा संसार ज्या दुष्काळाने मोडला, तो याच काळातला. अशा वर्षी गाव जाळावे लागत नसे. विहीर आटे, जनावरे मरत आणि उरलेली माणसे पाण्याच्या दिशेने चालू लागत.

११/ दुसरे कारण फौजा. त्याच सुमारास आदिलशाही सरदार मुरार जगदेवाने पुणे उद्ध्वस्त केले. गावठाणावर गाढवांचा नांगर फिरवल्याची कथा सर्वांच्या परिचयाची आहे. तिच्यातला संकेत नेमका आहे. नांगर फिरतो तो काळीवर. तो पांढरीवर फिरवणे म्हणजे ‘येथे पुन्हा वस्ती नाही’ असे जाहीर करणे.

१२/ नाशिक आणि खानदेशाची मोठी वाताहत त्यानंतर पावणेदोनशे वर्षांनी झाली. २५ ऑक्टोबर १८०२ रोजी हडपसरच्या लढाईत यशवंतराव होळकरांनी पेशवे आणि शिंदे यांच्या फौजांचा पराभव केला. पुढची दोन वर्षे फौजांची ये-जा, लूट आणि त्यातच १८०३-०४ चा दुष्काळ. पाठोपाठ पेंढाऱ्यांच्या धाडी. १८१८ मध्ये इंग्रजी अंमल आला तेव्हा खानदेशात ओस गावे जागोजाग होती. कॅप्टन जॉन ब्रिग्ज यांच्यापुढे पहिले काम होते ते वस्ती परत आणण्याचे.

१३/ तिसरे कारण फारसे सांगितले जात नाही. सारा असह्य झाला, अंमलदार जुलमी निघाला, तर रयत आपण होऊन गाव सोडी. तलवार नसलेल्यांचे हे हत्यार होते. कसणारेच निघून गेले तर सरकारला वसूल कोठून मिळणार? अशा लोकांसाठीचे विशेषण ‘परागंदा’, म्हणजे विखुरलेले. रयत परागंदा, गाव बेचिराग. ही जोडी एकत्र वाचली म्हणजे एका घटनेच्या दोन बाजू दिसतात.

१४/ आज मराठीत ‘परागंदा’ म्हटले की पोलिसांना हुलकावणी देणारा आरोपी आठवतो. विखुरलेली रयत शब्दातून निघून गेली आणि तिच्या जागी गुन्हेगार येऊन बसला. बेचिराखचे तसेच झाले. दिवा गेला, राख आली. दोन्ही शब्दांच्या नव्या अर्थांत एक गोष्ट समान आहे. ज्यांनी घरे सोडली त्यांची आठवण दोन्हींतून पुसली गेली आहे.

१५/ आता मुख्य मुद्दा. बेचिराग गाव हे दप्तराच्या दृष्टीने मेलेले गाव नव्हे. त्याचे नाव कायम राही. शिव, म्हणजे सीमा, कायम राही. पाटीलकी आणि कुलकर्णाचे वतन कायम राही, जरी वतनदार परमुलुखात असला तरी. मिरासदाराचा जमिनीवरील हक्क तो गाव सोडून गेला म्हणून लगेच बुडत नसे. माघारी येऊन तो आपली जमीन मागू शके. ‘बेचिराग’ ही गावाच्या सद्यःस्थितीची नोंद होती. ती स्थिती पालटू शकते, हे त्या नोंदीत गृहीत होते.

१६/ ती पालटण्याची रीतही ठरलेली होती. सरकार ‘कौल’ देई, म्हणजे अभयाचे आणि सवलतीचे वचन. परतणाऱ्या रयतेला ‘इस्तावा’ मिळे. पहिल्या वर्षी सारा नाममात्र, मग दरसाल थोडा थोडा वाढत जाऊन काही वर्षांनी पूर्ण. उजाड झालेल्या पुणे परगण्यात शहाजीराजांच्या जहागिरीचा कारभार पाहताना दादोजी कोंडदेवांनी याच मार्गाने वस्ती करविली. या साऱ्या कामाला ‘लावणी-संचणी’ म्हणत.

१७/ या कामात सरकारचा स्वार्थ होताच. माणूस नाही तर सारा नाही. पण कौल घेऊन परतणाऱ्या कुटुंबाच्या बाजूने पाहिले तर चित्र वेगळे दिसते. खचलेल्या भिंती उभारणे, गाळाने भरलेली विहीर उपसणे, उसनवारीचे बी आणि बैल मिळवणे, आणि पहिल्या रात्री करडईच्या किंवा तिळाच्या तेलाची एक वात लावणे. त्या वातीने गावाचे विशेषण गळून पडे.

१८/ मग राख शब्दात शिरली कोठून? मराठीत ‘चिराग’ या सुट्या शब्दाची रोजच्या बोलण्यातली ओळख पुसट होत गेली. ‘ग’चा ‘ख’ झालेले रूप रूढ झाले. एकदा चिराख म्हणजे काय हे विसरले गेले की कानाला उरली ती शेवटची दोन अक्षरे, आणि ती अक्षरे मराठी माणसाला चांगलीच ओळखीची होती. विसाव्या शतकातील महायुद्धांच्या बातम्यांनी, हिरोशिमाच्या वर्णनांनी हा अर्थ पक्का केला. भाषेत असे घडते. त्यात चूक कोणाचीच नसते.

१९/ हानी मात्र होते, आणि ती इतिहास वाचताना होते. सतराव्या-अठराव्या शतकातल्या कागदात ‘गाव बेचिराख’ दिसले की आजचा वाचक ‘शत्रूने जाळले’ असा अर्थ लावतो. मग दुष्काळाचा दोष एखाद्या सरदारावर जातो आणि साऱ्याच्या जुलमाने झालेल्या ओसाडीचा दोष परक्या फौजेवर. शब्दाचा अर्थ एका अक्षराने सरकला की आरोपीही बदलतो.

२०/ संज्ञा बदलल्या तरी वस्तुस्थिती संपलेली नाही. २०११ च्या जनगणनेनुसार महाराष्ट्रात सुमारे ४३ हजार ६०० महसुली गावे होती आणि त्यांपैकी वस्ती असलेली सुमारे ४१ हजार. उरलेल्या गावांना नाव आहे, हद्द आहे, नकाशा आहे, पण रहिवासी नाहीत. विदर्भात अशा गावांच्या नावापुढे ‘रिठ’ किंवा ‘रिठी’ लागलेले दिसते. यादी चाळताना ही अक्षरे दिसली की क्षणभर थांबावे. तेथे कधीतरी संध्याकाळ होत असे.

२१/ नव्या काळाने बेचिराग होण्याची नवी कारणे दिली. उजनी धरणाच्या पाण्याखाली जुने पळसदेव गेले. पाणी उतरले की त्याचे प्राचीन देऊळ आजही वर येते. धरणांनी वीज दिली, पाणी दिले, आणि कित्येक पांढरींवरचे दिवे कायमचे हलवले. विस्थापितांनी नव्या जागी जुनेच नाव लावून वस्ती केली. गावाचे नाव सोबत नेणे ही कौल घेऊन परतणाऱ्यांचीच रीत, फक्त परतायला जागा उरली नाही.

२२/ दिव्यावरून गाव मोजणेही थांबलेले नाही. २००४ च्या सरकारी व्याख्येनुसार गाव विद्युतीकृत म्हणवून घ्यायला, इतर अटींबरोबर, किमान १० टक्के घरांत वीज असणे पुरेसे होते. २८ एप्रिल २०१८ रोजी मणिपूरमधील लायसांगला वीज पोहोचली आणि देशातील सर्व गावे विद्युतीकृत झाल्याची घोषणा झाली. एकलहऱ्यासारख्या केंद्रांतली वीज या मोजणीत धरली गेली. बेचिराग गावे तिच्यात नव्हती, कारण मोजणी वस्तीच्या गावांची होती.

२३/ जुने कागद वाचणाऱ्यांनी हे विशेषण भेटताच तीन प्रश्न विचारावेत. गावातले लोक मारले गेले की निघून गेले? गेले असतील तर कोणत्या कारणाने? आणि पुढच्या वर्षांच्या कागदांत कौल किंवा इस्तावा आढळतो का? तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर ‘होय’ आले, तर गाव पुन्हा वसवण्याची खटपट झाली होती असे समजावे.

२४/ राखेतून काही परत येत नाही. विझलेला दिवा मात्र पुन्हा लावता येतो. आज उभ्या असलेल्या किती गावांवर कधीकाळी ‘बेचिराग’ची नोंद पडली असेल, हे त्या गावांच्या दप्तरांत शोधण्यासारखे आहे. ज्या पूर्वजांनी तेथे पुन्हा पहिली वात लावली, त्यांची नावे कदाचित त्याच कागदांच्या पुढच्या पानांवर, कौल घेणाऱ्यांच्या यादीत, मोडीत लिहिलेली सापडतील.