खान, अहमद
(२४ डिसेंबर १९२६–२७ ऑगस्ट २०१७). हौशी जमान्यातील श्रेष्ठ भारतीय फुटबॉलपटू. जन्म व मृत्यू बंगळूरू येथे. १९४९ मध्ये ते कोलकात्याच्या ईस्ट बंगाल क्लबात गेले. व्यंकटेश, अप्पाराव, धनराज, सालेह आणि अहमद ही क्लबची आघाडीची फळी ‘पंचपांडव’ म्हणून गाजली. क्लबने १९४९ ते १९५१ सलग तीनदा आयएफए शील्ड ही स्पर्धा जिंकली. चेंडू पायाशी खिळवून प्रतिस्पर्ध्याला चकवणे ही त्यांची खरी कला; म्हणून त्यांना ‘गारुडी’ म्हणत. १९४८ व १९५२ च्या ऑलिंपिकमध्ये ते खेळले. १९५२ मध्ये हेलसिंकीत युगोस्लाव्हियाने बहुतांशी अनवाणी खेळणाऱ्या भारताला १०–१ असे हरवले, तेव्हा भारताचा एकमेव गोल अहमद यांचा होता. त्या दारुण पराभवातही या गोलाचे मोल मोठे आहे. १९५१ च्या दिल्लीतील आशियाई क्रीडा स्पर्धेतील सुवर्णविजेत्या भारतीय संघातही ते होते.